मुक्या कुकरातले शहतूत

मित्रांनो, शिट्टी न वाजवणारा कुकर तुमच्यापैकी फार थोड्यांनी पाहिला असेल. मी तसला आहे. माझ्या पोटात चिनीमातीचं जाड भांडं बसतं, वर काचेचं झाकण असतं आणि समोर एक गोल बटण. मला गॅस लागत नाही. बटण फिरवलं की मी हळूहळू तापतो, इतका हळू की हात लावून पाहणाऱ्याला वाटतं, हा बंदच पडला आहे. सौंसरच्या आमच्या घरात मला मुका कुकर म्हणतात. हे नाव घरातल्या आजीने, लीलाबाईंनी दिलं. मी ते मनाला लावून घेतलं नाही.

माझा जन्म दूर परदेशातल्या एका कारखान्यात झाला. त्या दिवसांचं मला फारसं आठवत नाही. खोक्यातला अंधार तेवढा आठवतो. पांढुर्ण्याचा हर्षल नोकरीसाठी तिकडे गेला होता. परत येताना त्याने मला आपल्या स्वेटरांत गुंडाळून आणलं आणि बहिणीला, स्नेहाला दिलं. स्नेहा लग्न होऊन सौंसरला आली होती.

तिकडची वीज वेगळी, इकडची वेगळी. मला सरळ इथल्या बोर्डात खुपसलं असतं तर मी पहिल्याच दिवशी जळालो असतो. पण स्नेहाचा नवरा सुमेध वीज कार्यालयात कामाला आहे. त्याने माझ्या बुडाखालचे बारीक आकडे वाचले आणि विजेचा जोर कमी करणारा एक लोखंडी डबा आणून माझ्याशेजारी बसवला. मी चालू झालो की तो घुंऽऽ करत राहतो. आम्हा दोघांत बोलणारा तो.

पहिली वर्षं चांगली गेली. माझ्यात बकऱ्याचा पाया शिजला, मटणाचा रस्सा शिजला. शेजारपाजारच्या बाया मला पाहायला आल्या. पण घरातल्यांना सगळ्यात जास्त आवडला तो कॉबलर, म्हणजे फळांवर पीठ सोडून शिजवलेला गोड पदार्थ. हर्षलने तो फोनवर शिकवला होता. तिकडे लोक त्यात रानातली आंबटगोड फळं घालतात. ती इथे कुठून मिळणार? पण घरामागे शहतुताचं झाड होतं. पुस्तकात त्याला तुती म्हणतात. फाल्गुनात ती काळी-जांभळी फळं टपटप पडायची आणि सगळं अंगण डागाळायचं. स्नेहा त्यांचे देठ कात्रीने कापायची, साखर आणि संत्र्याचा रस घालून फळं माझ्या तळाशी पसरायची. वरून मैदा, लोणी आणि दुधाचं सैलसर पीठ चमच्याचमच्याने सोडायची. ढवळायचं नाही. झाकणाखाली एक मऊ सुती कापड घालायचं, म्हणजे वाफेचं पाणी पिठावर टपकत नाही. मग वाट पाहायची.

वाट पाहणं, मित्रांनो, या घराला कधी जमलं नाही.

आपल्याकडे चुलीवर काही असलं की येणारा-जाणारा झाकण उघडून पाहतोच. त्यात वावगं काही नाही. पण माझं झाकण उघडलं की हळूहळू जमवलेली सगळी ऊब निघून जाते आणि मला पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. स्नेहा सांगून थकली.

"आई, झाकण नका उघडू ना. वाफ जाते."

"मंग माणसानं समजावं कसं?" लीलाबाई म्हणायच्या. "थो आवाज करत नाही, वास देत नाही. मेला का जिवंत हाय ते तं पाहू दे."

कॉबलर झाला की मात्र त्याच सगळ्यात आधी वाटी पुढे करायच्या. "हा तं गोड पानगाच होय, शहतुतात बुडवलेला," म्हणायच्या आणि वाटी चाटूनपुसून ठेवायच्या. स्नेहाची मुलगी सांची खाऊन जीभ बाहेर काढायची आणि जांभळी झाली का ते सगळ्यांना विचारत फिरायची.

मग गेल्या हिवाळ्यात स्नेहाच्या पोटात बाळ होतं. लीलाबाईंनी आपल्या जुन्या सुती लुगड्याची दुपटी शिवून ठेवली होती. पौषात स्नेहा दवाखान्यात गेली आणि परत आली. बाळ आलं नाही. त्याने डोळेच उघडले नव्हते.

लोक भेटायला येत. प्रत्येक जण स्नेहाच्या तोंडाकडे वाकून पाही आणि विचारी, "आता कसं हाय?" ती म्हणे, "बरं आहे." रडत नव्हती. चहा ठेवी, धुणं धुई, पोळ्या लाटी. भाजीत मीठ पडलं नव्हतं त्या दिवशीही तिने सगळं पान संपवलं. सुमेधने पहिला घास घेऊन तिच्याकडे पाहिलं आणि मुकाट्याने मिठाचा डबा घेऊन आला.

मला कोणी हात लावेना. लीलाबाईंनी माझ्या भांड्यात लसूण भरून ठेवला. लोखंडी डब्यावर धूळ बसली. मी खिडकीच्या कट्ट्यावर बसून राहिलो. तुम्ही विचाराल, वाईट वाटलं का? थंड भांड्याला काही वाटत नाही, मित्रांनो. लसूण होता. उजेड यायचा, जायचा.

सांची सकाळी फणी आणि रिबिनी घेऊन आईसमोर पाठ करून बसायची. स्नेहा एक वेणी घालायची आणि मग हात तसेच मांडीवर राहून जायचे. सांची थोडा वेळ बसायची, मग उठून तशीच शाळेत जायची. एका बाजूला वेणी, एका बाजूला मोकळे केस.

"पोट्टी सुकून राहिली रे," लीलाबाई एकदा सुमेधला म्हणाल्या. "इले स्वतःचीच शुद्ध नाही, तिले कोण पाहीन? माह्यानं आता धावपळ होत नाही."

नागपूरला सुमेधची मोठी बहीण होती, सांचीची आत्या. ती म्हणाली, परीक्षा झाली की मुलीला माझ्याकडे पाठवा, एक वर्ष इथल्याच शाळेत जाईल. तिच्या मनात काही खोट नव्हती. सुमेधने स्नेहाला विचारलं तेव्हा ती तांदूळ निवडत होती.

"ताई म्हणते, सांचीले घेऊन जातो. तुले काय वाटते?"

"पाठवा," स्नेहा म्हणाली आणि एक खडा बाजूला काढला.

परीक्षा संपली त्या रविवारी सकाळी आत्या आली. "जय भीम आई," म्हणत आत शिरली, सांचीला जवळ घेतलं, स्नेहाच्या पाठीवरून हात फिरवला. दुपारच्या बसने परत जायचं होतं. सांचीची बॅग भरून दाराशी ठेवलेली होती.

सांची मात्र मागच्या अंगणात होती. थोड्या वेळाने ती एक डबा भरून शहतूत घेऊन स्वयंपाकघरात आली. तोंड जांभळं, फ्रॉक जांभळा.

"आई, थे कर ना. आत्याच्या घरी मुका कुकर नाही."

स्नेहा हो म्हणाली नाही, नाही म्हणाली नाही. मला वाटतं, नाही म्हणण्यापेक्षा करून टाकणं तिला सोपं गेलं असावं. तिने माझ्यातला लसूण काढला, भांडं धुतलं. वास जाईना म्हणून संत्र्याची साल आतून घासली. देठ कापले, पीठ कालवलं. झाकणाखाली घालायला कापड सापडेना. तिने कपाट उघडलं, दुपट्यांच्या गठ्ठ्यातलं वरचं एक काढलं, घडी करून माझ्यावर ठेवलं आणि झाकण लावलं. लीलाबाई दारात उभ्या होत्या. त्यांनी पाहिलं. पदराने ओटा पुसायला लागल्या. ओटा पुसलेलाच होता.

बटण फिरलं. डबा घुंऽऽ करू लागला.

मग नेहमीचंच. आधी लीलाबाईंनी झाकण उचललं. मग आत्याने.

"मले तं पाहू द्या, काय अमेरिकेचं करून राहिले तुमी."

"आत्या, हात नको लावू," सांची म्हणाली. "वाफ जाते."

"हो गं मास्तरीन."

मग सुमेधने. "किती टाईम आहे? चारची बस पकडली पाह्यजे, मंग लय गर्दी होते."

"होईल," स्नेहा म्हणाली. पूर्वी ती रागवायची. आज रागावली नाही. ज्याने उघडलं त्याला उघडू दिलं.

तरीही मी माझं काम करत राहिलो. दुपार कलली तसा कडेने जांभळा रस फुटून वर येऊ लागला, पीठ फुगलं, वरून हळूहळू घट्ट होत गेलं. अजून थोडा वेळ, की झालं असतं. सुमेध ऑटो बोलवायला बाहेर गेला. आत्या सांचीला आतल्या खोलीत तयार करत होती. स्वयंपाकघरात स्नेहा एकटी, ओट्याला टेकून उभी.

आतून आत्याचा आवाज आला. "सरळ बस. दोन्ही वेण्या पक्क्या घालून देतो."

"एकच घाल," सांची म्हणाली.

"काऊन व?"

"माही आई एकच घालते. मले चालते."

स्नेहा हलली नाही. मग तिने हात पुढे केला आणि माझं झाकण उचललं.

मित्रांनो, इतक्या वर्षांत तिने अर्ध्यात माझं झाकण कधी उचललं नव्हतं. तिने आत पाहिलंच नाही. झाकण ओट्यावर ठेवलं, त्यावर ओलं दुपटं ठेवलं आणि तशीच उभी राहिली. माझी सगळी वाफ तिच्या तोंडावरून, केसांवरून निघून गेली. पीठ मधोमध खाली बसलं. मी निवत गेलो. पुरता निवल्यावर तिने झाकण परत लावलं.

ऑटो आली. सुमेध आत डोकावला. "झालं का?"

"नाही. कच्चं आहे."

"मंग बसचं काय?"

"ती खाऊन जाईल," स्नेहा म्हणाली.

सुमेधने ऑटो परत पाठवली. आत्या म्हणाली, "ठीक आहे, संध्याकाळच्या बसनं जाऊ." आणि चटईवर आडवी झाली.

मी पुन्हा पहिल्यापासून तापू लागलो. पुन्हा कडेने रस वर आला. आणि स्नेहाने पुन्हा झाकण उचललं. या वेळी लीलाबाई पाणी घ्यायला आत आल्या होत्या. माठापाशी गडवा हातात धरून त्या थांबल्या. वाफ वर जात होती आणि सून छपराकडे तोंड करून उभी होती. मीही श्वास रोखला, जर कुकरला श्वास असेल तर.

तेवढ्यात आत्या डोळे चोळत आली. "आई बापा, अजूनही कच्चं? सकाळपासून चढवून राहिले तुमी. बिघडला काय हा मुका?"

"बिघडला नाही व," लीलाबाई म्हणाल्या. "मीच उघडलं झाकण. दहा खेपा उघडलं. मले राहवते का?" मग गडवा खाली ठेवून त्या आपल्या लेकीला म्हणाल्या, "तू निघ बाई आता. घरी जावाई वाट पाहून राहिले असतीन. पोट्टी राहू दे."

"मंग मी उद्या येऊ का?"

लीलाबाईंनी स्नेहाकडे पाहिलं. आत्यानेही पाहिलं. दारात येऊन थांबलेल्या सुमेधनेही. मला वाटलं, आता ती म्हणेल, पाठवा.

"नका येऊ, ताई," स्नेहा म्हणाली. मग जरा थांबून, "म्हणजे या. तिला न्यायला नका येऊ."

आत्याला लागलं असावं. मग तिने आपली पिशवी उचलली, स्नेहाच्या कपाळावरचे वाफेने ओले झालेले केस मागे सारले आणि म्हणाली, "माह्यासाठी एक वाटी फ्रिजात ठेवजो. पुढच्या रविवारी खाईन."

दिवेलागणीला सुमेधने मला उघडलं. कॉबलर काही चांगला झाला नव्हता, हे मी कबूल करतो. मधोमध खड्डा, कडा काळपट. सांची दोन वाट्या खाऊन तिसरी मागत होती. स्नेहाने एक घास घेतला आणि तोंडात बराच वेळ ठेवला.

"मधात कच्चं आहे," ती म्हणाली. "अन् लसणाचा वास येते."

कितीतरी दिवसांत तिने कशाची चव सांगितली नव्हती.

"येतेच," लीलाबाई म्हणाल्या आणि आपल्या वाटीत अजून वाढून घेतलं.

मित्रांनो, तेव्हापासून सगळं ठीक झालं, असं मी तुम्हाला सांगणार नाही. स्नेहा अजून फारशी बोलत नाही. काही आठवडे माझ्यात पुन्हा लसूण असतो. सांची इथल्याच शाळेत तिसरीत गेली. ते दुपटं धुतलं, तरी त्यावरचा जांभळा डाग गेला नाही. ते आता स्वयंपाकघरातच माझ्याजवळ असतं.

मी जुना झालो आहे, म्हणून एक मागणं मागतो. तुमच्या घरी माझ्यासारखं हळू तापणारं कोणी असलं, भांडं असो की माणूस, तर त्याला घडोघडी उघडून पाहू नका. झालं का, झालं का, असं विचारू नका. जवळ बसा, आपलं काम करा. त्याचं त्याला जेव्हा उघडायचं असेल तेव्हा ते स्वतः उघडेल, आणि नेमकं तेव्हा तुमची बस चुकेल. चुकू द्या. आणि मला धुवायला घ्याल तेव्हा आधी पुरतं निवू द्या. गरम चिनीमातीवर गार पाणी ओतलं की भांड्याला तडा जातो.