चंदनची स्प्रिंग

धुरपताबाईच्या घरी देवाच्या जागी एक स्प्रिंग होती. वीतभर लांब, लाल फडक्यात गुंडाळलेली, दर सोमवारी मोहाच्या बियांचं तेल लावलेली. ती स्प्रिंग म्हणजे तिचा पोरगा चंदन. हसू नका. मार्कंड्याच्या देवळापासून चार कोसांवरच्या त्या गावात लहानथोर प्रत्येकाच्या नावाचा एकेक लोखंडाचा तुकडा घरोघरी होता.

गाव वसलं होतं लाकडाच्या आरागिरणीभोवती. गिरणीचं इंजिन आणि इंजिनाचा भोंगा. भोंग्यावर उठायचं, भोंग्यावर जेवायचं, भोंग्यावर निजायचं. एकोणनव्वद साली ठेकेदारानं गिरणी बंद केली आणि तो निघून गेला. इंजिन राहिलं, आणि ते वीस वर्षं चालवणारा लटारू मिस्त्री राहिला. माणसं नुसती बावरली. जेवायचं कधी, हेसुद्धा कुणाला कळेना. तेव्हा लटारूनं सांगितलं, काळ काही आपोआप चालत नाही, हे इंजिन काळाला चालवत होतं. इंजिन बंद म्हणजे काळ बंद.

त्यानं इंजिन खोललं आणि माणशी एक भाग वाटला; उरलेले पुढे जन्मणाऱ्या लेकरांना बारशाला द्यायचे. जपा, तेल द्या. सगळे भाग परत येतील त्या दिवशी इंजिन चालू होईल आणि काळही. असा हा चाकपंथ निघाला. एकमेकांना भेटले की रामराम नाही. 'चालू हाय?' 'चालू होईन!' आणि वयं? ती एकोणनव्वदलाच थांबलेली. काळच बंद, तर वय वाढेल कसं?

लोक येडे होते असं म्हणून मोकळं होऊ नका. सगळे सोडून गेले तेव्हा हा एक माणूस राहिला होता. ताप असो, पूर असो, भोंग्याच्या जागी रुळाचा तुकडा टांगून दर तासाला त्यानं टोले दिले, चौदा वर्षं. असा माणूस सांगेल ते कोण नाही ऐकणार?

चंदन मात्र ऐकेना. सतरा वर्षांचा झाला, मिसरूड फुटली, लग्नाचं मनात आलं. लटारू म्हणाला, "तू नऊ वर्षांचा हायेस गा. नऊ वर्षांच्या पोराचं लगन लावू का?" पोरगं भडकलं, बांबूच्या ट्रकवर बसलं आणि गेलं. चिठ्ठी नाही, निरोप नाही. धुरपताचा नवरा आधीच वारलेला. आता घरात ती आणि स्प्रिंग. सोमवारी तेल लावताना ती बोलायची तिच्याशी. जेवलास का, अंगावर चादर हाय का, असलंच काहीबाही.

सहा वर्षं गेली. दोन हजार तीनच्या दसऱ्याला लटारूनं हाक दिली, आपापले भाग आणा. नियम पहिल्यापासून एकच. जो आपला भाग आपल्या हातानं बसवील तो जिवंत. ज्याचा भाग दुसऱ्याच्या हातानं बसेल तो मेला, त्याचं सुतक धरायचं, तेरवी करायची. सगळे आले. तान्ह्या लेकरांचे हात धरून आयांनी नट फिरवले. इंजिन उभं राहिलं. उणी राहिली फक्त वेग ताब्यात ठेवणारी गव्हर्नरची स्प्रिंग. चंदनची.

"आन ना वो धुरपताबाई," लटारू म्हणाला.

"माया पोरगा जिता हाय."

"मंग बलाव त्याले."

बोलावणार कुठून? लोकांनी आधी समजावलं, मग तिच्याशी बोलणं टाकलं. विहिरीवर गेली की बाया घागरी उचलून बाजूला व्हायच्या. तेही तिनं सोसलं. सोसवलं नाही ते केसरबाईचं. ही शेजारीण, तिची जुनी मैत्रीण. केसरबाईच्या लेकीला दसऱ्यानंतर मुलगा झाला. वाटायला भाग उरलेला नव्हता, म्हणून बारसं चालू इंजिनावरच करायचं ठरलेलं. आणि इंजिन तर चालू होईना! दोन महिने लेकरू बिननावाचं. त्यातून त्याला खोकला. बिननावाचं लेकरू टिकत नाही, ही गावाची पक्की समजूत.

केसरबाई भांडली नाही, नातू घेऊन नुसती दारात उभी राहिली. "तुया गेलेला हाय व. माया आता आला हाय. याले जाऊ देऊ का?"

आता बोला! शत्रूला तोंड देता येतं, मैत्रिणीच्या डोळ्यातल्या पाण्याला काय करायचं? धुरपता रात्रभर स्प्रिंग पोटाशी धरून पडली आणि सकाळी लटारूच्या हातात देऊन आली. त्यानं लोकांकडे पाठ करून ती बसवली. इंजिन दोनदा खोकललं आणि धडधडायला लागलं. गाव नाचलं. बाळाचं नाव ठेवलं. कापायला लाकूड नव्हतं, पट्ट्याला काही जोडलेलं नव्हतं, इंजिन आपलं उगाचच फिरत होतं. पण काळ चालू झाला म्हणे! ज्यानं-त्यानं वय एका दिवसानं वाढवलं. धुरपतानं घरी येऊन डोक्यावरून पाणी घेतलं, तेरा दिवस सुतक धरलं, तेरवीला गाव जेवू घातलं.

आणि शिवरात्रीला, मार्कंड्याची जत्रा भरलेली असताना, फटफटीवरून चंदन आला.

धुरपताच्या हातातलं सूप खाली पडलं. तिनं त्याच्या तोंडावरून, खांद्यांवरून, कानांवरून हात फिरवले. पोरगा हाडामांसाचा होता. वरोऱ्याकडे कोळशाच्या खाणीत लागला होता, आता मोटारी दुरुस्त करायचा. "माय, रडून काऊन राह्यली?" तो हसत होता. मग रस्त्यावरून केसरबाई गेली. "चालू हाय?" त्यानं हाक दिली. तिनं मान वळवली. लटारू गेला. "चालू हाय, मिस्त्री?" लटारू थांबला, पण त्याच्याकडे न बघता धुरपताला म्हणाला, "बाई, त्याले सांग, त्याचा भाग बसला हाय."

चंदनला आधी मजाच वाटली. "चाल, पाहू कसा बसला!" म्हणत तो सरळ गिरणीत शिरला. धुरपता मागे, अर्धं गाव तिच्या मागे. त्यानं इंजिन बंद केलं तशी बायांनी आरोळी ठोकली. झाकण उघडून तो वाकला.

"हे माही नोहे."

आत नवीकोरी, चकचकीत स्प्रिंग होती. जुनी सापडली खालच्या डब्यात, चिंध्यांच्या बोळ्यात.

"ते गिरणी चालत होती तवाच ढिली झाली होती," लटारू म्हणाला. त्याचा आवाज पहिल्यांदा म्हाताऱ्याचा वाटला. "चालत नोहोती. नवी चंद्रपूरवरून आधीच आनून ठेवली होती."

धुरपताचा तोल गेला. "आधीच? मंग माही काऊन घेतली रे मेल्या? माया पोरगा काऊन मारला?"

"लोकायले इकतची स्प्रिंग चालली नसती, बाई."

आणि लोक? लोकांपैकी एकजण पुढे आला, झाकण लावलं, हँडल मारलं. इंजिन पुन्हा धडधडलं आणि सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला. काळ फार वेळ बंद राहिला नव्हता ना, एवढीच त्यांना काळजी. धुरपतानं त्यांना आईमाईवरून शिव्या दिल्या. कुणी वर पाहिलं नाही.

दोघं घरी आली. तिनं भात वाढला. त्यानं हात लावला नाही.

"त्यानं चोरून नेली का, माय?"

खोटं बोलता आलं असतं. तिच्या जिभेवर आलंसुद्धा. पण ती म्हणाली, "मीच देल्ली."

"तुया हातानं?"

"केसरच्या नातवासाठी... लेकरू मरून राह्यलं होतं, बापा. तुया काईच पत्ता नोहोता."

चंदननं ताट बाजूला सारलं. "मागच्या पावसाळ्यात खाणीत छत बसलं. दोन दिवस अंधारात होतो. संगचे दोघं गेले. म्या म्हनलं, सोमवार हाय, माय तेल लावत असन. ते घरी हाय तवर मी मरत नाई. आता म्या मेकॅनिक हाय, मले समजत नाई का स्प्रिंग काय असते? तरी तेच म्हनत होतो. दोन दिवस."

"तवा होती रे! तवा घरातच होती!"

"हो. मंग तू देल्ली."

तो उठला. तिनं त्याचा हात धरला, मग फटफटीचा दांडा धरला. "मी येतो तुह्यासंगं. हे गाव जळो. थांब, लुगडं घेतो फक्त."

त्यानं तिची बोटं एकेक करून सोडवली. जोर लावला नाही, रागही केला नाही. राग केला असता तर बरं झालं असतं. एक तरी शिवी दिली असती तर तिनं ती आयुष्यभर जपली असती.

"जातो, बाई," तो म्हणाला.

दारातून निघताना 'येतो' म्हणायचं असतं. आणि 'बाई' तो केसरबाईला म्हणायचा, विहिरीवरच्या कुठल्याही म्हातारीला म्हणायचा. तिला नाही.