माझ्या जागी आलेलं यंत्र

मित्रांनो, मी एक जुना लॅक्टोमीटर आहे. दुधात सोडलं की त्यात पाणी मिसळलंय का, ते सांगणारी काचेची नळी. शहरातल्या सरकारी प्रयोगशाळेत माझा मोठा मान होता. मग लागोपाठ दुष्काळ पडले. सिल्लोडकडचे गोठे ओस पडले. शहर मात्र वाढत राहिलं, आणि दुधाच्या गाड्या काही कमी झाल्या नाहीत.

त्याच वर्षी नवं यंत्र आलं. त्याला हार घातला, पेढे वाटले. मला खणात टाकलं. माझा नुसता जळफळाट झाला! ते बंद पडावं, असं मला रोज वाटे.

एकदा गुलमंडीमागं राहणाऱ्या केसरबाई किटलीत दूध घेऊन आल्या.

"नात दवाखान्यात हाय. गल्लीतली लई पोरं आजारी पडली. ह्यात काय हाय, ते सांगा."

तपासणी करणाऱ्या कालिंदीताईंनी आधी मला दुधात सोडलं. मी ऐटीत सांगितलं, दूध चांगलं. यंत्रानं मात्र युरिया दाखवला. मी आणखीच जळलो.

दूध आप्पासाहेब नावाच्या बड्या पुढाऱ्याच्या दूध संघाचं होतं. सत्ताधारी पक्षात दोन तट पडले होते आणि आप्पासाहेबांच्या आमदारांवाचून सरकार टिकत नव्हतं. लोक रस्त्यावर उतरले. दुसरा गट दुग्धविकास मंत्र्यांचा राजीनामा मागू लागला. तेव्हा मुंबईहून मंत्रालयातले एक साहेब धावत आले.

"मॅडम, नवं यंत्र चुकलं असेल. जुन्या नळीवर अहवाल द्या."

यंत्रावर कापड पडलं. मला पुसून टेबलावर मधोमध ठेवलं. मित्रांनो, काय सांगू माझा आनंद!

ताई म्हणाल्या, "साहेब, युरिया घातला की पाणीदार दूधही दाट भासतं. ही नळी तिथं फसते. म्हणूनच तुम्हाला ती हवी आहे ना?"

मला काचेतून घाम फुटावा तसं झालं.

दारातून केसरबाई म्हणाल्या, "ताई, खरं तेच लिवा."

ताईंनी कापड काढलं आणि यंत्राच्या अहवालावर सही केली. संघाला टाळं लागलं. मंत्री गेले, सरकार कसंबसं तगलं. ताईंची बदली झाली. केसरबाईंची नात मात्र घरी आली.

यंत्राचा हेवा मला अजून वाटतो, खोटं कशाला बोलू? पण मित्रांनो, जुन्या वस्तूंना प्रेमानं जपा, खणात ठेवलं तरी चालेल. फक्त खोटी साक्ष द्यायला त्यांना बाहेर काढू नका.