कानात सांगितलेलं नाव

दव. एवढंच नाव. दोन अक्षरं, तीही एका श्वासात संपणारी. ते पहिल्यांदा कानावर पडलं तेव्हा सुभद्रा फोन खांद्यात धरून तुळशीला पाणी घालत होती. हातातला तांब्या तसाच तिरका राहिला.

"आवडलं का नाई, ताई?" तिकडून अमरावतीहून धाकटा भाऊ मनोज विचारत होता. "आमी आधीच ठरवलं होतं. पोरगा होवो का पोरगी, दवच. आता पोरगी झाली, तरी तेच. अन् तू आत्या. कानात तुलेच सांगायचं हाये."

"चांगलं हाये," सुभद्रा म्हणाली. तिचा आवाज मुळातच बारीक. त्यामुळे त्यात आज काय कमी होतं ते मनोजला फोनवर कळलं नाही.

समोर तुळशीच्या पानांवर दव होतं. मार्गशीर्षातलं ऊन अंगणाच्या भिंतीवरून हळूहळू खाली उतरत होतं. सुभद्रानं आत जाऊन देवांना आंघोळ घातली, दिवा लावला, नेहमीचा जप केला. जपात मन लागलं नाही. माळ डोळ्यांना लावून ती परत अंगणात आली तेव्हा तुळशीची पानं कोरडी होती. कुणी पुसून नेल्यासारखी.

तिनं एक पान बोटांनी चाचपून पाहिलं.

मनोज आणि ज्योत्स्नाचं हे तिसरं. आधीची दोन पोटातच गेलेली; एक तर चांगलं वाढून, पाय हलवून गेलेलं. दुसऱ्या वेळी दवाखान्याच्या पायरीवर बसून सुभद्रानं अंबादेवीला हात जोडले होते. तेव्हापासून तिचे सोमवार अळणी होते, चतुर्थीला चंद्र पाहिल्याशिवाय पाणी नव्हतं, आणि रोज संध्याकाळी भावाच्या बाळाच्या नावानं एक वात वेगळी. नाव नसलेल्या बाळाच्या नावानं. आणि आता नाव मिळालं तर ते असं, ऊन लागताच उडून जाणारं!

नवऱ्याला, देवमनला सांगावं असं तिला वाटलं. पण त्याचं शेत बोरगावजवळ, हरभरा ऐन फुलावर, आणि रानडुकरांपायी तो चार दिवस तिकडच्या खोपीतच मुक्कामाला. शिवाय भीती तोंडातून काढली की तिला पाय फुटतात, असं तिला लहानपणापासून वाटायचं. तिनं फोन केला नाही.

बारशाला ती एसटीनं अमरावतीला गेली. पिशवीत कुंची, चांदीचे वाळे, घुगऱ्यांसाठी घरचे हरभरे, आणि एक छोटी शिशी. शिशीत आंब होती, हरभऱ्याची. पहाटे हरभऱ्याच्या शेतावरून धुतलेलं धोतर फिरवायचं, ते ओलं झालं की पिळायचं, आणि ते आंबट पाणी शिशीत भरून ठेवायचं. पोटदुखीवर वऱ्हाडात अजून तेच देतात. ज्योत्स्नाच्या आईनं, आशाबाईनं, खास निरोप धाडून ती मागवली होती.

"आनली का माही आंब?" आशाबाईंनी दारातच विचारलं. "मोठ्या माणसाचंच पोट हाये माहं, लेकराचं नाई. भेऊ नका, पोरीले नाई पाजत." मग आवाज खाली आणून, "नाव आयकलं का तुमी? दव म्हने! मी म्हटलं, पुढच्याले धुकं ठेवसान का? हाक माराले जावं त हाक तोंडातच सरते."

बायका हसल्या. सुभद्राही हसली, पण शिशी देऊन ती तडक पाळण्यापाशी गेली.

बाळ तिनं तेव्हाच नीट पाहिलं. मूठभर जीव. कपाळावरून बोट फिरवलं तर बोटाला काही लागलं की नाही याची शंका यावी. तिच्या मनात आलं, हे खरंच दव आहे. आणि त्या क्षणी तिला आजी आठवली, धोंडाबाई. आधीची भावंडं जगेनात म्हणून आईबापांनी तिला दगडाचं नाव दिलं होतं. आणि ती दगडासारखीच टिकली. साथी आल्या, दुष्काळ आले, धोंडाबाई जात्यावर बसलेलीच.

पाळण्याखालून, पाळण्यावरून बाळाचं देणंघेणं झालं. पाळण्याला झेंडूच्या माळा होत्या. सुभद्रा पुढे झाली, तिनं बाळाच्या कानाशी तोंड नेलं आणि "कुर्रर्र" केलं. तसे रीतीप्रमाणे मागून बायकांचे धपाटे तिच्या पाठीत पडू लागले. हसण्याचा, बांगड्यांचा एकच कालवा. त्या कालव्यात आत्या कानात काय सांगते ते कुणालाच ऐकू येत नसतं.

"धोंडाबाई," सुभद्रा बाळाच्या कानात म्हणाली.

मग ती ताठ उभी राहिली आणि जरा मोठ्यानं म्हणाली, "दव ठेवलं हो नाव, दव!"

झालं. घुगऱ्या वाटल्या गेल्या. जगासाठी दव, आणि कानात दगड. तिला वाटलं, आपण बाळाच्या पायात कुणाला न दिसणारा खिळा ठोकला. आता ऊन कितीही येऊ दे.

पण दुसऱ्याच दिवशी बाळानं दूध सोडलं.

आधी वाटलं, बारशाच्या गर्दीनं दमलं असेल. मग ते रडेना. मग ज्योत्स्नानं त्याला उजेडात धरलं. डोळ्यांतला पांढरा भाग हळदीसारखा पिवळा झाला होता. मनोजनं गाडी काढली. दवाखान्यात डॉक्टरांनी रक्त घेतलं, कावीळ वाढली आहे म्हणाले, रक्तात जंतूही असतील, ठेवून घ्यावं लागेल. बाळाला डोळ्यांवर पट्टी बांधून काचेच्या पेटीत निळ्या उजेडाखाली ठेवलं.

सुभद्रा बाहेरच्या बाकावर बसली. हातात माळ होती, पण मणी पुढे सरकत नव्हता. तिला एकच ऐकू येत होतं, आपलाच आवाज, बाळाच्या कानातला. आईबाप दिवसभर 'दव, दव' म्हणतात. बाळाला वाटत असेल, कुणा दुसऱ्याला हाक मारतायत. आपण तर धोंडाबाई. मग कशाला 'ओ' द्यायची? कशाला थांबायचं या घरात?

खोटं ती आयुष्यात फार बोलली नव्हती. आणि बोलली ती नेमकी तिथे, जिथे फक्त देव ऐकतो.

सकाळी ती अंबादेवीला गेली. ओटी घेतली, अभिषेकाचं ताट घेतलं. गुरुजी भले माणूस. हातावर पाणी घेऊन त्यांनी संकल्प सुरू केला आणि मध्येच थांबून विचारलं, "कुणासाठी, बाई? गोत्र सांगितलंत. आता नाव सांगा."

सुभद्रानं तोंड उघडलं.

दव म्हणावं, तर आपणच त्या लेकराच्या कानात वेगळं सांगितलेलं. धोंडाबाई म्हणावं, तर त्या नावाचं लेकरू कुणाच्या घरी जन्मलेलंच नाही. देवीनं शोधायचं कुणाला? दवाखान्यात पेट्या काय एक आहेत? एकीत फिरायचा देवीचा हात दुसरीत फिरला तर?

"बाळ," ती कशीबशी म्हणाली.

"तसं नाही चालत हो. बारसं झालंय ना?"

"झालं."

"मग? आत्यानं नाव ठेवलं असेलच की!"

सुभद्राला घंटेचा आवाज लांब गेल्यासारखा वाटला. ताट तसंच ठेवून, "आले, आले," असं पुटपुटत ती गाभाऱ्यापुढून निघाली आणि चपलाही न घालता देवळाबाहेरच्या फुलवालीच्या ओट्यावर येऊन बसली. फुलवालीनं पाणी दिलं.

तेवढ्यात फोन वाजला. देवमन.

"अवं, कशी हाये पोट्टी?"

"पेटीतच हाये. तुमी कुठं हा?"

"वावरात. आंब धरून राह्यलो. आज दव असं पडलं, धोतर दोन खेपा पिळलं. आशाबाईले सांग, पुढची शिशी तयार हाये."

सुभद्रा फुलवालीच्या टोपलीतल्या ओल्या फुलांकडे पाहू लागली. मग लहान पोरानं विचारावं तसं तिनं विचारलं, "अवो, दव किती वेळ राह्यते?"

"हे काय इचारनं झालं?"

"सांगा न."

"पानावरचं? ऊन आलं का गेलं."

तिनं डोळे मिटले. हेच तर तिला ठाऊक होतं.

"पन जाते कुठं?" देवमनचा आवाज त्याच्या नेहमीच्या धसमुसळ्या सुरात चालूच होता. "यंदा या हरभऱ्याले एक पानी नाई देल्लं मी. इहीर कोरडी, मोटार जळाली. तरी पाह्य इथं येऊन, मांडीइतका झाला. जमिनीतली ओल अन् वरचं दव, येवढ्यावर उभा हाये सारा. तू बारशाले हरभरे नेले नाई का? मागच्या सालचे? तेबी असेच. अन् फळीवरची मायची शिशी इसरली का? माय जाऊन किती सालं झाले. तिनं धरलेलं दव आपून आजून पोटाले घेतो."

सुभद्रानं पदर तोंडाला लावला.

"कावून रडून राह्यली? अवं, आयकून राह्यली ना?"

"ठेवा," ती म्हणाली. "मले जाचं हाये."

फळीवरची शिशी तिनं हजारदा पुसली होती. काळपट पडलेली, बूच घट्ट बसलेली. तिला ती औषध म्हणूनच ठाऊक. कुणीतरी पहाटे कुडकुडत उठून, ऊन यायच्या आत धावून ते धरलं होतं, हे तिच्या कधी मनातच आलं नव्हतं. दव राहतं, पण धरणारं लागतं. आणि ती धरायच्या वेळी दगड शोधत बसली होती.

दवाखान्यात ज्योत्स्ना बाकावर बसलेली होती. मांडीवर वाटी-चमचा. आत एका वेळी एकालाच सोडायचे, तेही दूध पाजण्यापुरतं.

"ताई, कुठं होत्या? काही गेलं नाही सकाळपासून. तोंडातून सगळं बाहेर येतंय."

सुभद्रा तिच्यापुढे उभी राहिली. "ज्योत्स्ना, मी कानात दव नाई सांगतलं."

ज्योत्स्नाला आधी कळलंच नाही.

"धोंडाबाई सांगतलं. माह्या आजीचं. मले भेव वाटलं, दव उडून जाईन म्हणून."

ज्योत्स्ना तिच्याकडे पाहत राहिली. ती ओरडेल, हाकलून देईल, असं सुभद्राला वाटलं, आणि तेच बरं असंही वाटलं.

"भेव तुम्हालाच वाटतं का?" ज्योत्स्ना हलक्या पण धारदार आवाजात म्हणाली. "आधीच्या दोघांच्या वेळी गावभर सांगितलं होतं मी. या वेळी कुणाला बोलले नाही. डॉक्टरनं पलंगावरून उठू नको म्हटलं. दिवाळीच्या दिवसांत पहाटे जाग यायची, तर खिडकीच्या जाळीवर दव असायचं. येताना कधी दिसलं नाही, आवाज नाही, काही नाही. पण रोज आलेलं असायचं. मी पोटावर हात ठेवून म्हणायची, तूबी असंच ये. मुलगा ये, मुलगी ये, कुणाला कळू न देता ये." तिनं चमचा मुठीत आवळला. "अन् आलं. तुम्ही ते नावच काढून घेतलं त्याचं?"



आतून नर्स डोकावली. "ज्योत्स्नाचं बाळ? चला, दूध."

ज्योत्स्ना उठली. दोन पावलं गेली, थांबली, आणि वाटी-चमचा सुभद्राच्या हातात दिला.

"तुम्ही जा. बरोबर सांगून या."

"अवं, पन तुही वेळ..."

"जा म्हणते ना!"

आणि सुभद्रा दाराकडे वळली तशी ज्योत्स्नानं मागून तिच्या पाठीत धपाटा घातला. बारशातल्यासारखा हसण्यावारी नाही. चांगला जोराचा, पाठ चुरचुरेल असा. सुभद्राला तो हवाच होता.

आत हात धुवून, अंगात हिरवा झगा चढवून ती पेटीपाशी गेली. नर्सनं काचेची खिडकी उघडली. निळ्या उजेडात ते पिवळं, पट्टी बांधलेलं लेकरू पडलं होतं. छाती भरभर हलत होती. सुभद्रानं तोंड जवळ नेलं.

"कुर्रर्र," ती म्हणाली. मग एकदम थांबली. मग म्हणाली, "दव. मी चुकले, माय. तुहं नाव दव हाये. आई दव म्हणते ते तुलेच. बाप म्हणतो ते तुलेच. आमी धरतो तुले, तू राह्य."

"काय नाव म्हणालात?" नर्सनं विचारलं.

"दव," सुभद्रा म्हणाली. आयुष्यात ती एवढ्या मोठ्यानं क्वचितच बोलली असेल. शेजारच्या पेटीपाशी उभी असलेली बाई वळून पाहू लागली.

तिनं चमच्यात दूध घेतलं. चमचा ओठाला टेकवला. दूध ओठाच्या कडेनं गालावर ओघळलं. तिनं झग्याच्या कडेनं ते टिपलं, पुन्हा चमचा टेकवला. पुन्हा ओघळलं. तिसऱ्यांदा तिनं नुसताच थेंब ठेवला, पानावर ठेवावा तसा, आणि श्वास धरून वाट पाहत राहिली.

थेंब ओठावर थरथरला. मग गळ्याशी बारीकसं काहीतरी हललं.

"गेला," नर्स म्हणाली. "द्या अजून. घाई नका करू."

सुभद्राची भीती गेली नव्हती. डॉक्टरांनी अजून काहीच सांगितलं नव्हतं, रात्र जायची होती, उद्याचं रक्त घ्यायचं होतं. पण देवळात अर्धा राहिलेला संकल्प आता पुरा करता येणार होता. गुरुजींनी विचारलं की सांगायला नाव होतं. तिनं दुसरा थेंब ठेवला.