पांघरुणाचे सुटे टोक

मित्रांनो, खेळण्यांच्या टोपलीत, चाक निखळलेल्या मोटारीखाली, एक लाकडी होडी दिसते ना? ती होडी नाही. तो मी आहे, एक जुना धोटा. मागावरच्या उभ्या दोऱ्यांमधून आडवा दोरा इकडून तिकडे नेणे हे माझे काम. पोटात दोऱ्याची कांडी आणि दोन्ही टोकांना लोखंडी चोच, एवढाच माझा संसार.

पण मी साध्या कापडाचा धोटा नव्हतो. मी गोष्टी विणणाऱ्यांच्या मंडळात कामाला होतो. तिथे कांडी भरताना विणकर दोरा ओठांजवळून जाऊ देत आणि त्याला हळू आवाजात गोष्ट सांगत. दोरा ती पिऊन घेई आणि जरासा कोमट होई. असे कापड पांघरले की गोष्ट कानांना नाही, अंगाला ऐकू येई. नियम मात्र एक होता. कापड पुरे झाले की शेवटच्या दोऱ्याचे टोक सुटे सोडायचे. टोक सुटे असले की गोष्ट कापडातही राहते आणि सांगणाऱ्यापाशीही. गाठ बसली की ती सगळी कापडाची होते. गिऱ्हाइके नाक मुरडत, एवढे देखणे कापड आणि शेवटी आळस! मंडळाचे म्हातारे प्रमुख, ज्यांना सगळे मामा म्हणत, ते म्हणत की आमचा आळस फार कष्टाचा असतो.

मी ज्या हातांत घडलो, ते हात ताईचे. तिची मुलगी मागाखालीच रांगायला शिकली. तिला सगळे चिमणी म्हणत. माझी खटखट चालू असली की ती झोपे, थांबली की भोकाड पसरी.

मग ताई आजारी पडली. शस्त्रक्रिया करावी लागणार होती, आणि त्यातून ती उठेलच असे डॉक्टर सांगत नव्हते. ताई रडली नाही. तिने चिमणीसाठी पांघरूण विणायला घेतले. पाऊस विसरलेल्या ढगाची, भित्र्या कासवाची, होत्या नव्हत्या तेवढ्या गोष्टी तिने दोऱ्याला दिल्या. शेवटी चिमणीच्या जन्माची दिली. ती रडण्याआधी शिंकली, हे तेव्हा मला कळले.

पांघरूण मागावरून उतरले आणि ताईने टोकाला गाठ मारायला घेतली. मामा धावत आले.

"अगं, गाठ कसली मारतेस?"

"मामा, ती सापडेल ते तोंडात घालते. सुटा दोरा घशात गेला तर? मी नसेन तेव्हा कोण बघणार?"

"आणि तुझं काय?"

"माझं मी बघेन," ताई म्हणाली, आणि गाठ आवळली.

मित्रांनो, ताई बरी झाली. थकलेली, बारीक झालेली, पण चालत घरी आली. चिमणी तिच्या मांडीवर चढली आणि ढगाची गोष्ट सांग म्हणून हटून बसली. ताईने तोंड उघडले. आत काहीच नव्हते. तिने कासव आठवून पाहिले, तेही नव्हते. मग तिने आपल्या बहिणीला स्वयंपाकघरात गाठून दबक्या आवाजात विचारले की चिमणी झाली तेव्हा काय काय झाले होते. मावशीला ते ठाऊक नव्हते. ती त्या वेळी तिथे नव्हती.

मामांनी उपाय सांगितला. पांघरूण ओळीओळीने उसवायचे, दोरा पुन्हा ओठांजवळून जाऊ द्यायचा. सगळे परत येईल, पण पांघरूण राहणार नाही. ताईने सुई घेतली. दुपारची वेळ होती, चिमणी त्यातच गुरफटून झोपली होती, झोपेत कशाला तरी हसत होती. ताई कितीतरी वेळ सुई धरून बसली. मग तिने सुई डब्यात ठेवून दिली.

त्यानंतर ती मागावर साधे कापड विणू लागली. त्याला नवा धोटा पुरे होता. मी घरी आलो आणि चिमणीची होडी झालो. ताईची प्रत्येक गोष्ट माझ्या पोटातून गेली आहे, पण माझा आवाज तिला नुसती खटखट वाटतो. एवढे जवळ असून सांगता येत नाही, याचे दुःख तुम्हाला कसे सांगू?

परवा ताई कपड्यांच्या घड्या घालत होती. चिमणी आता नीट बोलते. मला फरशीवर ढकलत ती सहज म्हणाली, "मी आधी शिंकले, मग रडले."

ताईची घडी अर्धीच राहिली. "कधी गं?"

"झाले तेव्हा."

"आणि मी? मी काय केलं?"

चिमणीला आईच्या अडाणीपणाचे नवल वाटले. "तू म्हणालीस, 'आलीस का गं? किती वाट बघायला लावलीस.'"

ताईने ते वाक्य पुटपुटून पाहिले, दुसऱ्या कोणाची तरी साडी अंगाला लावून पाहावी तसे. मग म्हणाली, "पुन्हा सांग."

मित्रांनो, पांघरूण आता कोपऱ्यात विरले आहे आणि चिमणीचे पाय त्याच्या बाहेर येतात. ते फाटण्याआधी तिचे किती सांगून होईल, या काळजीत मी टोपलीत पडून असतो. तुम्हालाही कोणीतरी आपल्याजवळचे सगळे देऊन टाकले असेल, गाठ मारून. ते नुसते पांघरून झोपू नका. कधीतरी जवळ बसा आणि त्यांचेच त्यांना परत सांगा. चुकले तरी चालेल. मी लाकूड आहे, मला येत नाही. तुम्हाला येते.