उरलेल्या गोळ्या

सुंदराबाईंच्या लालबागच्या खानावळीत उरलेलं काही टाकायची पद्धतच नव्हती. नवऱ्याला क्षय झाला, दोन महिन्यांत त्याचा खोकला थांबला, तशा त्यांनी गोळ्याही थांबवल्या आणि उरलेल्या डब्यात भरून ठेवल्या. मग जेवायला येणारा कुणी गिरणीवाला खोकला, की त्याच्या भाताशेजारी दोन गोळ्या. रोज जेवायला येणारा रघू खोकायला लागला तेव्हा त्यांना वाटलं, संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चात ओरडून घसा बसला असेल. त्यालाही दिल्या. बरं वाटलं की बंद, खोकला आला की पुन्हा.

थुंकीतून रक्त आलं, तेव्हा सुंदराबाईच त्याला परळच्या दवाखान्यात घेऊन गेल्या. तपासणीचा कागद बघून डॉक्टर भडकले.

"अर्धवट गोळ्यांनी जंतू मरत नाहीत, निर्ढावतात! आता याला ती गोळी लागू पडणार नाही. याच्यापासून ज्याला लागण होईल, त्यालाही नाही. कुणी दिल्या?"

सुंदराबाई मनात माणसं मोजू लागल्या. रघूच्या पंगतीला रोज अठरा जण बसत. घरी नवरा पुन्हा खोकायला लागला होता.

रघूच मोठ्या कौतुकानं म्हणाला, "या आमच्या मावशींनी, डॉक्टर. सख्खी आई करणार नाही एवढं केलंय माझं."