फौजदाराचं ताक

"अहो, बसा की जरा! पायाला भिंगरी लागलीय का?"

हे बसतात कसले! वेम्बलीच्या हॉलमध्ये आमच्या मंडळाची जेवणं उरकत आली होती आणि हे प्रोजेक्टरपासून दारापर्यंत येरझारा घालत होते. उद्या सकाळी ह्यांचं ऑपरेशन. घशातल्या गाठीबरोबर स्वरयंत्रही काढावं लागणार, असं डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं. म्हणजे आजचा खेळ शेवटचा.

खेळ म्हणजे शंभरेक वर्षांपूर्वीची काऊबॉयची मुकी फिल्म, जेमतेम दहा मिनिटांची. जन्मभर लंडनची बस चालवलेला हा माणूस दर महिन्याला पडद्याशेजारी उभा राहून ती मराठीत सांगतो. शेरीफचा फौजदार करतो, दरोडेखोराचा रंगराव. दारूच्या गुत्त्यात सगळे ताक पितात, कारण समोर भजनाच्या बायका बसलेल्या असतात. मी कितीदा म्हटलं, ताक पिऊन कुणी गोळ्या झाडतं का? पण ऐकतील तर शपथ.

"पद्माकरकाका, आज पियानोचं म्युझिक लावू?" मंडळाच्या सेक्रेटरी अर्चनाने हळूच विचारलं. "व्हॉइसला थोडी रेस्ट."

"उद्यापासून रेस्टच आहे," हे घोगऱ्या आवाजात म्हणाले. "लाव फिल्म."

रंगराव बँक लुटून पळाला, फौजदार घोड्यावरून मागे. "हाण टाच! अरे हाण!" हॉल खिदळत होता.

शेवटी फौजदार पुन्हा मोहिमेवर निघतो आणि कुंपणापाशी उभी त्याची बायको काहीतरी बोलते. तिला हे दरवेळी नवं वाक्य देतात. कधी "येताना कोथिंबीर आणा", कधी "घोडा दारात बांधू नका, आत्ताच झाडलंय". आज तिचे ओठ हलले आणि ह्यांचा आवाजच फुटेना. दोनदा खाकरले. तोंड उघडलं, नुसती हवा. मग माझ्याकडे बघितलं.

असा संताप आला मला! त्या गाठीचा, त्या घोड्याचा, ह्यांचासुद्धा. खुर्ची मागे ढकलून मी उठले.

"या जाऊन," मी म्हणाले. "बोलला नाहीत तरी चालेल. ताक करून ठेवते."

पडद्यावर फौजदाराने हॅट उचलून बायकोचा निरोप घेतला. ह्यांनीही डोक्यावर नसलेली हॅट उचलली आणि माझ्या शेजारच्या खुर्चीत येऊन बसले.