शेषेरावांचा ओठ

सकाळी तोंड धुवून शेषेराव आरशापुढं उभे राहिले, मिशीला कंगवा लावला आणि तिथंच थबकले. वरचा ओठ एका बाजूनं असा टम्म फुगला होता की अर्धी मिशी आढ्याकडं बघत होती आणि अर्धी जमिनीकडं. त्यांनी हळूच बायकोला हाक मारली. केवळाबाई पिठाचे हात तसेच घेऊन आली, नवऱ्याचं तोंड बघितलं आणि खरं सांगायचं तर आधी फिस्सकन हसली.

हसू काही फार टिकलं नाही. रेणापूरजवळचं ते एवढंसं गाव, तिथं माणसाचा ओठ सुजला ही काय झाकून राहणारी गोष्ट आहे का? शेजारचा धोंडप्पा चहाच्या निमित्तानं आला आणि म्हणाला, "गांधीलमाशी हाय ही. झोपेत डसली असंल." लेक भागवत म्हणाला, दाढ किडली असंल. एका म्हातारीनं मीठमोहरी ओवाळून टाकायला सांगितली. शेषेराव बिचारे येईल त्याच्यापुढं ओठ दाखवत ओसरीवर बसून राहिले.

केवळाबाईनं मात्र आपला तपास सुरू केला. तिचा तपास म्हणजे पोलिसांनी येऊन शिकून जावं असा.

"काल रात्री काय खाल्लं?"

"तूच वाढलं की. भाकरी, वरण."

"त्याच्यानंतर?"

"पानी."

"माझ्याकडं बघून सांगा."

शेषेरावांनी जमिनीकडं बघून सांगितलं, "एक लाडू."

झालं! लाडू म्हणजे कोणता हे विचारायची गरजच नव्हती. भागवतची बायको पुनम बाळंतपण उरकून आठवड्याखालीच किनवटहून परत आली होती. लेकीला सासरी धाडताना तान्ह्या नातीसंगं लाडवांचा डबा द्यायचाच असतो, तसा तिच्या आईनं, गंगम्मानं, मोठा स्टीलचा डबा भरून दिला होता. डिंक, खारीक, तूप आणि मुठी मुठी गोडंबी. किनवटच्या रानात बिब्ब्याची झाडं, आणि बिब्ब्याच्या आतला गर म्हणजे गोडंबी. चवीला बदामाला मागं टाकील. पण बिब्ब्याचं तेल लई वाईट. ते कातड्याला लागलं की उततं, म्हणजे सूज येते, फोड येतात, माणूस खाजवून खाजवून हैराण होतो. गर काढताना ते तेल जराही चिकटून राहिलं तर खाणाऱ्याचं तोंड सुजतं, हे आमच्याकडं शेंबडं पोरगंसुद्धा सांगील.

केवळाबाईनं नवऱ्याच्या ओठाला खोबरेल चोळलं, ताक पाजलं आणि दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ओठ पहिल्यासारखा झाला. तिच्या तपासाचा निकाल लागला. डबा उचलला आणि उकिरड्यावर पालथा केला. पुनम दारात उभी राहून बघत होती. "आत्याबाई, मी रोज खाऊन राहिले की, मला तर काही झालं न्हाई," असं ती म्हणाली, पण ऐकतो कोण? केवळाबाईनं तोवर विहिणीला फोन लावला होता.

"इहीनबाई, गोडंबी साफ करायची अक्कल न्हाई तर धाडता कशाला? माझ्या कुंकवावर उठलात का तुमी?"

"न्हाई हो, म्या सोत्ता येक-येक निवडून घेतली, पोरीच्या अंगात ताकद यावी म्हनून..."

"तुमच्या पोरीला ताकद आन माझा धनी गेला म्हंजे? नातीच्या जावळाला येऊ नका तुमी. आन पुन्यांदा असलं काही आलं ना, तर डब्यासंगं तुमची लेक बी माघारी येईल. ध्यानात ठिवा!"

पलीकडून काहीच आवाज आला नाही. केवळाबाईनं फोन ठेवला आणि तिला लई मोकळं मोकळं वाटलं. कुणाला तरी दोष देऊन झाला की माणसाला वाटतंच तसं.

आता केवळाबाई काही दुष्ट बाई नव्हती. ती भ्यालेली बाई होती. तिचा थोरला भाऊ व्यंकटी धडधाकट गडी होता. बीपीच्या गोळ्या खाऊन बरं वाटायला लागलं म्हणून त्यानं त्या सोडल्या, आणि एका सकाळी त्याची उजवी बाजू लुळी पडली ती कायमची. तेव्हापासून तिनं मनाशी ठरवलं होतं की माझ्या माणसाची गोळी चुकणार नाही. शेषेरावांना बीपी निघालं त्या दिवसापासून रोज सकाळी ती एका हातात गोळी आणि दुसऱ्या हातात पाण्याचा तांब्या घेऊन त्यांच्यापुढं उभी राहायची. गोळी गिळल्यावर "आ करा" म्हणायची आणि तोंडात बघायची. शेषेराव चिडायचे, "मी काय बारकं पोर हाय का?" म्हणायचे, पण आ करायचे. मालिश नाही, गजरे नाहीत, त्या दोघांचं प्रेम म्हणाल तर एवढंच होतं.

पंधरवडा गेला आणि ओठ पुन्हा सुजला. या वेळी खालचा. घरात तर लाडवाचा कणही नव्हता! केवळाबाईला वाटलं, सुनेनं चोरून ठेवले असतील आणि सासऱ्याला दिले असतील. ती पुनमच्या खोलीत गेली. पुनम लेकीला पाजत बसली होती. तिनं गळ्यातली ट्रंकेची किल्ली काढून पुढं केली. केवळाबाईनं सगळे कपडे खालीवर केले. अंगडी निघाली, टोपडी निघाली, लाडू निघाला नाही.

"आत्याबाई," पुनम खालच्या आवाजात म्हणाली, "लाडू न्हाईत, तरी बी सूज आली. मग दुसरंच काही तरी असंल. मामांना लातूरला दाखवून आणू या."

"दुसरं काही न्हाई. तुझ्या मायचंच इख अंगात भिनलंय."

बोलून गेली खरी, पण तिच्याही मनात पाल चुकचुकली होती. मग तिनं वांगं बंद केलं. शेंगदाण्याची चटणी बंद केली. मसूर बंद, लोणचं बंद. शेषेराव भाकरी दुधात कुस्करून खायला लागले आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला म्हणायला लागले, "ह्या ओठापायी माझं पोट मारून राहिली ही." एक गोष्ट तेवढी तिनं बंद केली नाही. ती सकाळी तांब्या घेऊन उभी राहायचीच.

तिसऱ्या खेपेला मात्र हसण्यासारखं काही उरलं नाही. शेषेराव उठले तेच दोन्ही ओठ सुजवून. केवळाबाईनं खोबरेल चोळलं, ताक पाजलं, नेमाप्रमाणं गोळी पुढं केली. तोंड नीट उघडेना, तर तिनं बोटानं गोळी आत सारली. "जिवाला घोर लागला की बीपी वाढतंय, आज तर चुकवायचीच न्हाई," ती म्हणाली. तासाभरात त्यांची जीभ जड झाली. आवाज घोगरा झाला. थुंकी गिळता येईना, ती हनुवटीवरून गळायला लागली. ते हातानं गळ्याकडं दाखवत होते आणि डोळे विस्फारून बायकोकडं बघत होते.

केवळाबाईच्या जिवाचं पाणी पाणी झालं. भागवतनं जीप काढली. लातूरचा रस्ता तिला जन्मात एवढा लांब वाटला नव्हता. नवऱ्याला छातीशी टेकवून ती मागं बसली होती आणि "बोला, काही तरी बोला," म्हणत होती. आयुष्यभर "गप बसा" म्हणणारी बाई ती!

दवाखान्यात डॉक्टर मालविकाबाईंनी त्यांना थेट आत घेतलं. ऑक्सिजन लावला, श्वासाची वाट बंद झालीच तर नळी घालायची तयारी ठेवली. ॲलर्जीची इंजेक्शनं दिली, पण म्हणावा तसा उतार पडेना. घटका घटका वाट बघण्यात गेली. दुपार कलली तेव्हा कुठं सूज वाढायची थांबली आणि केवळाबाईला आत बोलावणं आलं. भागवत औषधं आणायला खाली गेला होता.

"अंगावर पुरळ उठलं होतं का? खाज सुटली होती?"

"न्हाई."

"बिब्बा उतला असता तर खाज सुटली असती, फोड आले असते. बोटंही सुजली असती, लाडू हातानंच खातो ना माणूस. कोरडा खोकला येतो का त्यांना?"

"येतो की, लई महिने झाले. धुरळ्याचा असंल."

"औषध कोणतं चालू आहे?"

केवळाबाईनं कमरेची चंची उघडली आणि गोळ्यांचं पाकीट काढून पुढं केलं. एवढ्या एका प्रश्नाचं उत्तर तिच्याजवळ चोख होतं. "बीपीची हाय. एक दिस चुकवली न्हाई म्या, डॉक्टरीनबाई. आज बी दिली. तोंड उघडंना तरी दिली."

डॉक्टरबाईंनी पाकीट उलटंपालटं करून बघितलं आणि बाजूला ठेवलं.

"आजी, ही गोळी वाईट नाही. हजारो लोक घेतात, त्यांना काही होत नाही. पण एखाद्याच्या अंगाला या जातीची गोळी चालत नाही. ओठ सुजतो, जीभ सुजते, कधी गळाही. पहिल्या महिन्यात होईल, नाहीतर वर्षभर घेतल्यावर होईल. सूज आपोआप उतरते, म्हणून माणसाला वाटतं तेलानं उतरली, ताकानं उतरली. आता ही गोळी त्यांना पुन्हा कधीच द्यायची नाही. बीपीचं औषध बंद नाही करायचं, बदलायचं. दुसरं मी लिहून देते. आणि काही दिवस लक्ष ठेवा. ओठ सुजला, आवाज बदलला, की घरी चोळत बसू नका, सरळ इकडं आणा."

केवळाबाईनं मान हलवली. तिला शब्द सगळे कळले होते. बाहेर येऊन ती बाकावर बसली, आणि मग तिला खरं कळलं. बोटानं आत सारलेली गोळी तिला बोटावर अजून जाणवत होती.

भागवत आला. "काय म्हनल्या?"

"बरं हाय आता. दुसऱ्या गोळ्या देनार हायत."

"गोडंबीच ना?"

केवळाबाई गप्प राहिली. भागवतनं त्या गप्प बसण्याचा 'हाव', म्हणजे होय, असाच अर्थ घेतला आणि तो पाहुण्यारावळ्यांना फोनवर तेच सांगत सुटला. तिनं त्याला थांबवलं नाही. बाईमाणसाला चूक कबूल करणं जड का जातं? चूक मोठी म्हणून नाही. त्या चुकीच्या जिवावर आपण आधीच किती बोलून बसलो, ते सगळं परत गिळावं लागतं म्हणून. उकिरडा आठवला, ट्रंक आठवली, फोनवरची ती गप्प झालेली बाई आठवली. तिला लई लाज वाटली. आणि लाज वाटली म्हणूनच ती आणखी गप्प बसली. कुणाला कळायचंय, असंही एकदा मनात येऊन गेलं. कशाला खोटं बोलू, आलंच होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गंगम्मा आली. पुनमनं रडत फोन केला होता, आणि ही बाई किनवटहून रेल्वेनं नांदेडला आणि तिथून एसटीनं लातूरला अशी एकटी येऊन ठेपली होती. ती जवळ आली नाही. दूर जिन्यापाशी पिशवी पायाशी ठेवून उभी राहिली. भागवतनं सासूला बघितलं आणि तोंड फिरवलं.

शेवटी तीच आली आणि वाकून केवळाबाईच्या पायावर हात ठेवले. बिब्बे फोडून फोडून बोटांची टोकं काळी पडलेली होती.

"इहीनबाई, माझं चुकलं. कसं चुकलं मला ठावं न्हाई, पर चुकलं. पुन्यांदा गोडंबीला हात लावनार न्हाई. जावळाला बी येत न्हाई. पर माझ्या लेकीला माघारी धाडू नका. तिचा काय गुन्हा न्हाई."

ती रडत नव्हती. वाटभर ठरवून आणलेलं बोलत होती, आणि तेच केवळाबाईला सहन झालं नाही.

"उठा," ती म्हणाली. "उठा हो. तुमच्या लाडवानं काही झालं न्हाई."

"मग?"

"मी रोज देत होते ती गोळी. त्यानं सुजला वट. कालच सांगितलं डॉक्टरीनबाईनं." ती भागवतकडं वळली. "तू इकडं बघ. कालच सांगितलं, आन मी गप बसले. इहीनबाईंचा काही दोष न्हाई. समद्यास्नी फोन करून सांग, मायनंच केलं म्हनून सांग."

गंगम्मा हळूहळू उभी राहिली, पदरानं तोंड पुसलं.

"तुमी तर औषीद म्हनून दिलं, इहीनबाई," ती म्हणाली. "चांगलं व्हावं म्हनूनच ना?"

"हाव."

"म्या बी चांगलं व्हावं म्हनूनच दिल्ते लाडू. पर तुमाला कुनी काही बोललं न्हाई. मला तुमी लई बोललात."

त्यात राग नव्हता. जे झालं तेच ती सांगत होती. खोडून काढावा असा एकही शब्द त्यात केवळाबाईला सापडला नाही.

"बोलले," ती म्हणाली. "नको नको ते बोलले. चुकलं माझं. लेकीला कुनी कुठं धाडत न्हाई. आन जावळाला तुमी न्हाई आलात, तर मी जावळच ठिवत न्हाई."

गंगम्मानं मान हलवली. हो म्हणाली की नुसतं ऐकलं म्हणाली, ते काही कळलं नाही. मग तिनं विचारलं, "इवाई कुठं हायत? बघून येते."

"या, दावते."

गंगम्मा पिशवी घ्यायला मागं वळली, तर केवळाबाईनं ती आधीच उचलली होती. मुलीच्या आईचं ओझं मुलाच्या आईनं उचलायची रीत आमच्याकडं नाही. भागवत पुढं झाला, "माय, दे इकडं," म्हणाला. केवळाबाईनं पिशवी दिली नाही. ती विहिणीच्या मागून चालत वॉर्डात गेली.